राजीनामा देऊन पुन्हा त्याच जागेवर उभं राहणाऱ्या आमदाराला रोखायला हवं का? (पोटनिवडणूक विशेष धागा)

चावडीवरचा

मंडळी, बरेच दिवस डोक्यात आहे म्हणून धागा काढतोय. आमदार वारला तर पोटनिवडणूक लागते ते समजू शकतो, कुणाच्या हातात नसतं ते. पण धडधाकट माणूस पाच वर्षांसाठी निवडून येतो, दीड वर्षात अध्यक्षांकडे राजीनामा टाकतो, दुसऱ्या पक्षाचा गमछा गळ्यात घालतो आणि त्याच मतदारसंघात परत हात जोडून उभा राहतो. का? तर म्हणे "मतदारसंघाच्या विकासासाठी". मग आधी ज्याच्या चिन्हावर मतं मागितली तो काय विकासाच्या विरोधात होता का?

माझं म्हणणं एवढंच, राजीनामा द्या, तुमचा हक्क आहे, पण त्या विधानसभेची मुदत संपेपर्यंत परत उभं राहायचं नाही. घरी बसा. यंत्रणा परत जुंपायची, शाळा ताब्यात घ्यायच्या, आचारसंहितेत कामं अडकवायची आणि हे सगळं एका माणसाचं पटेना म्हणून.

तुम्हाला काय वाटतं? कृपया पक्षीय धुणी धुवू नका, सगळ्याच पक्षांनी हे केलंय.

निवांत

+१. "कृपया पक्षीय धुणी धुवू नका" हे वाक्य दहाव्या प्रतिसादापर्यंत टिकलं तरी मिळवली.

सीमाभागवाला

चावडीवरचे दादा, तुम्ही म्हणताय ते करून बघितलंय की आमच्या कर्नाटकात. जुलै २०१९ मध्ये काँग्रेस आणि जेडीएसचे आमदार राजीनामे देऊन मुंबईत हॉटेलात जाऊन बसले, तुम्हा मुंबईकरांना आठवत असेल, काँग्रेसचे डी. के. शिवकुमार पावसात हॉटेलच्या गेटबाहेर उभे होते आणि पोलीस आत सोडत नव्हते. २३ जुलैला कुमारस्वामी सरकार ९९ विरुद्ध १०५ ने पडलं. त्यानंतर विधानसभेचे सभापती (म्हंजे अध्यक्षच) रमेश कुमार यांनी १७ जणांना नुसतं अपात्र केलं नाही तर २०२३ पर्यंत, म्हंजे त्या विधानसभेची मुदत संपेपर्यंत, निवडणूकच लढवता येणार नाही असा आदेश काढला. तुमच्या मनातलाच निर्णय.

पण १३ नोव्हेंबर २०१९ ला सुप्रीम कोर्टाने काय केलं, अपात्रता कायम ठेवली आणि ती २०२३ पर्यंतची बंदी तेवढी उडवली. सभापतीला असा कालावधी ठरवायचा अधिकार नाही म्हणाले. महिन्याच्या आत, ५ डिसेंबरला, १५ जागांवर मतदान झालं. भाजप १२, काँग्रेस २, अपक्ष १. आमच्या बेळगाव जिल्ह्यात अथणी, कागवाड, गोकाक तिन्ही जागी तेच जुने चेहरे नव्या चिन्हावर आरामात आले. मी तेव्हा अथणी भागात नातेवाईकांकडे जात येत होतो, लोकांना राग वगैरे फारसा नव्हता हो, लोकांचा हिशोब सरळ होता, आपला माणूस सत्तेत गेला तर मंत्री होणार.

कायदेकानू

सीमाभागवाले, बरोबर. त्यात थोडी भर घालतो कारण यात लोकांचा नेहमी घोळ होतो.

राजीनामा ही एक गोष्ट आणि अपात्रता दुसरी. राज्यघटनेच्या अनुच्छेद १९० प्रमाणे आमदाराने स्वतःच्या सहीनिशी अध्यक्षांना लिहून द्यायचं आणि अध्यक्षांनी ते स्वीकारलं की जागा रिकामी. पूर्वी एवढंच होतं. मग १९७४ मध्ये गुजरातेत नवनिर्माण आंदोलन पेटलं, आमदारांना घेराव घालून राजीनामे लिहून घ्यायला लागले, म्हणून त्याच वर्षी ३३वी घटनादुरुस्ती आली. तेव्हापासून राजीनामा स्वेच्छेने दिलेला आणि खरा आहे की नाही याची अध्यक्षांनी खात्री करायची, तसं वाटलं नाही तर नाकारायचा. मूळ हेतू आमदाराला जमावापासून वाचवायचा होता. आता उपयोग कसा होतो ते आपण बघतोच, अध्यक्ष ज्या बाजूचे त्या बाजूच्या सोयीने कधी तासाभरात स्वीकारतात तर कधी महिनोन्‌महिने फाईल उघडत नाहीत.

अपात्रता म्हणजे दहावी अनुसूची, पक्षांतरबंदी. त्यात अपात्र झालेला माणूस मुदत संपेपर्यंत किंवा पुन्हा निवडून येईपर्यंत, जे आधी होईल तोपर्यंत, मंत्री होऊ शकत नाही. ही तरतूद २००३ च्या ९१व्या घटनादुरुस्तीने आली. यातलं ते "पुन्हा निवडून येईपर्यंत" बघा. म्हणजे कायद्यानेच दार उघडं ठेवलंय, पोटनिवडणूक जिंकली की सगळं धुऊन निघालं. कर्नाटकातच हुणसूरचे विश्वनाथ आणि होसकोटेचे एमटीबी नागराज दोघंही पोटनिवडणूक हरले, दोघांनाही नंतर विधान परिषदेवर घेतलं. नागराज निवडून गेले होते म्हणून मंत्री झाले, विश्वनाथ नामनियुक्त होते म्हणून कोर्टाने अडवलं. एवढा बारीक फरक.

चावडीवरचे म्हणतात तशी बंदी हवी असेल तर कायदा बदलावा लागेल, आणि कायदा बदलणार कोण, तर हेच. 😀

मालवणी_मसाला

धाग्याच्या मूळ मुद्द्यालाच माझा विरोध आहे.

अहो राजीनामा देऊन परत लोकांसमोर जाणारा माणूस त्यातल्या त्यात बरा! २००५ ला नारायण राणेंना शिवसेनेने काढलं, ते काँग्रेसमध्ये गेले, आमदारकीचा राजीनामा दिला आणि नोव्हेंबरात मालवणातून परत उभे राहिले. तेव्हाचा तो प्रचार ज्याने बघितलाय त्याला विचारा, अख्खी शिवसेना कोकणात उतरली होती, राडे झाले, गावागावात पोलीस. आणि निकाल काय, राणे प्रचंड फरकाने आले आणि सेनेच्या उमेदवाराचं डिपॉझिट गेलं. राणे आवडोत न आवडोत, तो विषय वेगळा, पण "मी पक्ष बदललाय, तुमका मान्य असा काय नाय ता सांगा" हे त्यांनी विचारलं आणि लोकांनी उत्तर दिलं. पक्ष बदलण्याचा याच्यापेक्षा सरळ मार्ग कोणता?

आता जून २०२२ बघा. सुरत, गुवाहाटी, गोवा सगळं झालं, सरकार पडलं, नवीन आलं. किती पोटनिवडणुका लागल्या त्यामुळे? शून्य. एकानेही राजीनामा दिला नाही. उद्धव ठाकरे जाहीरपणे सांगत होते की राजीनामा द्या आणि निवडणुकीला सामोरे जा, पण द्यायची गरजच कोणाला होती? २०२३ ला राष्ट्रवादीतही तेच. मतदारांना थेट २०२४ ला विचारलं.

तुम्ही राजीनामा देणाऱ्यावर बंदी घातली तर उद्या कोणीच राजीनामा देणार नाही, सगळे "आम्हीच मूळ पक्ष" म्हणून जागेवर बसून राहतील. म्हंजे जो लोकांना विचारायला जातो त्याला शिक्षा आणि जो विचारत नाही त्याला खुर्ची.

निवांत

चौथ्या प्रतिसादातच २०२२ आलं. मी दहा म्हणालो होतो.

चावडीवरचा

मालवणी, मुद्दा बिनतोड आहे, एवढं कबूल करतो. पण राणेंच्या वेळी त्यांना पक्षाने काढलं होतं. आणि राजीनामा दिल्या दिल्या मंत्रीपद मिळालंच ना? निवडणूक लढवताना महसूलमंत्री होते ते. मंत्री म्हणून मतं मागायला गेलेला माणूस आणि समोरचा साधा कार्यकर्ता, ही काय बरोबरीची लढत झाली?

कृष्णाकाठची

मग साताऱ्याचं बोला की. ती लोकसभेची होती, विधानसभेची नाही, तरी मुद्दा तोच आहे. उदयनराजे मे २०१९ ला राष्ट्रवादीकडून निवडून आले, सप्टेंबरला राजीनामा देऊन भाजपमध्ये गेले, चार महिन्यांत. पोटनिवडणूक विधानसभेबरोबरच २१ ऑक्टोबरला लागली. समोर श्रीनिवास पाटील, वय झालेलं, शांत माणूस, आधी सिक्कीमचे राज्यपाल होते. आमच्या घरात तर दोन तट. माझे सासरे म्हणायचे छत्रपतींच्या गादीविरुद्ध मत द्यायला हात धजत नाही, आणि दीर म्हणायचा गादीचा मान वेगळा, मत वेगळं. १८ ऑक्टोबरला साताऱ्यात पवारसाहेबांची भर पावसातली सभा झाली, ती तर अख्ख्या महाराष्ट्राने टीव्हीवर बघितली, त्या सभेत साहेब म्हणाले की उमेदवार निवडताना माझी चूक झाली. राजे ८७ हजारांपेक्षा जास्त मतांनी पडले.

सत्ता, गादी, मोदींची सभा सगळं एका बाजूला असताना पडले. तर लोकांना कळत नाही असं समजू नका. बंदी कशाला हवी, लोक घालतात की बंदी.

आणि हो, २०२४ ला त्याच साताऱ्याने त्यांना परत निवडून दिलं. त्यामुळे सातारकरांनी कायमचा धडा शिकवला वगैरे जे लोक लिहितात त्यांनी जरा दमानं घ्यावं. तेव्हा राग राजीनाम्याचा होता, माणसाचा नव्हता.

काटोल_नरखेड

तुम्ही लोकं पोटनिवडणूक झाली त्याच्याबद्दल भांडून राहिले, आमच्याइकडं तं झालीच नाही ना बाप्पा.

२०१८ च्या ऑक्टोबरमध्ये आमचे आमदार आशिष देशमुख यांनी भाजपवर नाराज होऊन राजीनामा देल्ला. वेगळा विदर्भ, शेतकरी, बेरोजगारी सगळे मुद्दे होते पत्रात. ठीक हाय, देल्ला. मंग निवडणूक आयोगानं लोकसभेबरोबर ११ एप्रिल २०१९ ला पोटनिवडणूक लावली. लगेच लोकं गेले नागपूर खंडपीठात, की निवडून येणाऱ्याले काम कराले वरसभर बी भेटत नाही तं हा खर्च कायले? आणि ते निवडणूक थांबली. म्हंजे ऑक्टोबर १८ पासून ऑक्टोबर १९ पर्यंत काटोलले आमदारच नाही. त्या वरसात दुष्काळ होता, संत्र्याची झाडं वाळून राहिली होती, लोकं टँकर अन् अनुदानासाठी तहसीलमध्ये चकरा मारत होते आणि विधानसभेत आमच्यासाठी उभा राहणारा कोणी नाही. दवाखान्याच्या मदतीसाठी आमदाराचं पत्र लागते, ते आणाले शेजारच्या मतदारसंघात जा. तिथला आमदार म्हणते तुमचं मतदान माह्याकडं नाही.

देशमुख साहेब मंग २०१९ ला फडणवीसांविरुद्ध नागपुरात लढले, मंग परत भाजपमध्ये आले आणि २०२४ ला सावनेरातून आमदार झाले. त्यायचं सर्कल पूर्ण झालं. आमचं ते एक वरस कोणत्या खात्यात टाकाचं सांगा.

कायदेकानू

काटोलकर, तुमचं प्रकरण कायद्याच्या दृष्टीने महत्त्वाचं आहे. लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम १५१क (१९९६ मध्ये घातलेलं) म्हणतं की जागा रिकामी झाल्यापासून सहा महिन्यांत पोटनिवडणूक घ्यायची. अपवाद दोन: सदस्याची उरलेली मुदत एक वर्षापेक्षा कमी असेल तर, किंवा आयोगाने केंद्र सरकारशी बोलून निवडणूक घेणं अवघड आहे असं प्रमाणित केलं तर. वाद असा की ती "उरलेली मुदत" मोजायची कुठून, जागा रिकामी झाली त्या दिवसापासून की नवा माणूस निवडून येईल त्या दिवसापासून? आयोग पहिलं म्हणतो, नागपूर खंडपीठाने दुसरं धरलं. अकोला पश्चिमलाही २०२४ मध्ये तेच झालं, गोवर्धन शर्मा नोव्हेंबर २०२३ मध्ये गेले, पोटनिवडणूक २६ एप्रिलला ठरली आणि मार्चमध्ये खंडपीठाने रद्द केली.

उलट बाजूला पुणे लोकसभा. गिरीश बापट मार्च २०२३ मध्ये गेले, वर्षापेक्षा जास्त मुदत होती तरी आयोगाने निवडणूक घेतली नाही. मुंबई हायकोर्टाने डिसेंबरमध्ये ताबडतोब घ्या म्हणून सुनावलं, सुप्रीम कोर्टाने जानेवारीत त्याला स्थगिती दिली, तोवर सार्वत्रिक निवडणूकच आली.

त्यामुळे हुशार आमदार तारीख बघूनच राजीनामा देतो. २०१९ च्या विधानसभेआधी जुलै ऑगस्टमध्ये जी रांग लागली होती राजीनाम्यांची, किंवा २०२४ ला जे आमदार खासदार झाले, प्रणिती शिंदे, वर्षा गायकवाड, निलेश लंके वगैरे, त्यांच्या एकाही जागेवर पोटनिवडणूक नाही झाली. वर्षाच्या आतलं सगळं माफ.

खडू_डस्टर

मी शिक्षक, केंद्राध्यक्ष म्हणून बऱ्याच निवडणुका केल्यात, एक पोटनिवडणूकही. बाहेरून लोकांना वाटतं पोटनिवडणूक म्हणजे छोटं काम. अहो केंद्रावर काम तेवढंच असतं, एक कागद कमी नाही. आदल्या दिवशी साहित्य वाटप, बीयू (मत द्यायचं यंत्र), सीयू (मतं नोंदवणारं यंत्र), व्हीव्हीपॅट (चिठ्ठी दाखवणारं यंत्र) मोजून घ्या, नंबर जुळवा, एसटीने केंद्रावर जा, रात्री वर्गात बाकं जोडून झोपा. पहाटे एजंटांसमोर अभिरूप मतदान, म्हणजे चाचणी, किमान ५० मतं टाकायची, सीयूवरचा निकाल आणि चिठ्ठ्या जुळवायच्या, क्लिअर करायचं, त्या चिठ्ठ्यांवर शिक्का मारून काळ्या पाकिटात सील करायच्या, हिरव्या सीलवर सगळ्यांच्या सह्या. संध्याकाळी क्लोज बटण, १७सी हा मतांच्या हिशोबाचा नमुना भरा, प्रत्येक एजंटला प्रत द्या.

फरक असतो तो बाहेर. सार्वत्रिकला मोठ्या नेत्यांना २८८ ठिकाणी धावायचं असतं, पोटनिवडणुकीला सगळे एकाच तालुक्यात येऊन बसतात. मंत्री वॉर्डावॉर्डात. एरवी ज्या केंद्रावर दोन एजंट झोपा काढत असतात तिथे सहा सहा एजंट वहीत आकडे टिपत बसलेले, आणि प्रत्येकाची दर तासाला विचारणा, "सर किती झालं?" एक तर इतका उत्साही, आजीबाईंना व्हीव्हीपॅटमध्ये चिठ्ठी सात सेकंद दिसते ती बघितली का म्हणून बाहेर आल्यावर विचारत होता, त्याला गप्प बसवावं लागलं. आणि मतदार? दुपारी तीनपर्यंत वर्गात आम्ही आणि पंखा. शहरी भाग होता, सुट्टी मिळाली तर लोक बाहेरगावी गेले.

आचारसंहितेबद्दल पण सांगतो, ग्रामीण पोटनिवडणूक असली की साधारण अख्ख्या जिल्ह्याला लागते, महानगरपालिका हद्दीतली असेल तर त्या मतदारसंघापुरती. म्हणजे राजीनामा एका तालुक्याच्या आमदाराचा आणि टेंडर अडकलं चार तालुक्यांचं.

भाग्यनगरी

मास्तर, दुपारी तीनला फक्त पंखा? आमच्याकडे तेलंगणात मुनुगोडेला या. २०२२ ला काँग्रेसच्या राजगोपाल रेड्डींनी राजीनामा दिला, भाजपमधून उभे राहिले, ९३ टक्क्यांच्या आसपास मतदान झालं! पैसा एवढा फिरला की काही गावांत लोक उघड उघड टीव्हीवाल्यांना सांगत होते, त्या गावाला एवढे दिले, आम्हाला कमी का? आणि रेड्डी पडले, दहा एक हजार मतांनी.

मी मूळ नांदेडचा, नोकरीनिमित्त इकडे. तेलंगणातलं राजीनामा प्रकरण महाराष्ट्रापेक्षा फार वेगळं आहे, इथे राजीनामा हे आंदोलनाचं हत्यार होतं. २०१० ला स्वतंत्र तेलंगणासाठी आमदारांनी राजीनामे दिले, १२ जागांवर पोटनिवडणूक लागली, ११ टीआरएस (केसीआरची तेलंगणा राष्ट्र समिती) आणि १ भाजप. काँग्रेस आणि तेलुगू देसमला भोपळा. त्या निकालाने दिल्लीला कळलं की प्रकरण हाताबाहेर गेलंय. चावडीवरचे दादा तुमची बंदी असती तर हा मार्गच बंद झाला असता.

आणि हुजुराबाद. २०२१ ला ईटल राजेंदरना तेव्हाचे मुख्यमंत्री केसीआर यांनी मंत्रिमंडळातून काढलं, त्यांनी आमदारकी सोडली, भाजपकडून उभे राहिले. सरकारने काय करावं? दलितबंधू नावाची योजना, कुटुंबाला दहा लाख रुपये, प्रायोगिक म्हणून पहिल्यांदा लागू केली ती नेमकी हुजुराबादला! मग बाकी मतदारसंघातले लोक आपापल्या आमदारांना म्हणायला लागले की साहेब तुम्ही पण राजीनामा द्या, आमचं पण भलं होऊ द्या. ईटल तरीही जिंकले. लोकांनी योजना घेतली आणि मत दिलं ज्याला द्यायचं त्याला.

निवांत

हे भारी आहे. आमच्या आमदाराला कुणीतरी ही आयडिया द्या रे, पुलाचं काम सात वर्षं रखडलंय.

मांडवीकाठ

गोव्यातून एक नोंद. इथे ४० जागांची विधानसभा, त्यामुळे एक राजीनामासुद्धा सरकार हलवतो. ऑगस्ट २०१७ मध्ये एकाच दिवशी दोन पोटनिवडणुका होत्या, दोन्ही राजीनाम्याच्या, पण तऱ्हा वेगळी. पणजीला सिद्धार्थ कुंकळ्येकरांनी पर्रीकरांसाठी जागा सोडली, ते दिल्लीहून मुख्यमंत्री म्हणून परत आले होते आणि सहा महिन्यांत आमदार होणं भाग होतं. वाळपईला विश्वजित राणे, काँग्रेसवर निवडून आले, विश्वासदर्शक ठरावाच्या दिवशीच राजीनामा, मग भाजपमधून उभे. दोघेही जिंकले. २०१९ ला शिरोडा आणि मांद्रे, तेच, काँग्रेसचा राजीनामा भाजपची उमेदवारी. शिरोड्याला सुभाष शिरोडकर फक्त ७६ मतांनी आले. ७६! म्हणजे अर्ध्या गावाने नाही म्हटलं होतं. पण विधानसभेत ७६ ने आलेला आणि पन्नास हजाराने आलेला सारखाच.

पैका_मोजणारा

सगळे भावनिक बोलतायत, पैशाचं कोणी बोलत नाही. उमेदवाराची खर्चमर्यादा आपल्यासारख्या मोठ्या राज्यात विधानसभेला ४० लाख, अनामत रक्कम १० हजार (अनुसूचित जाती जमातीला ५ हजार), वैध मतांच्या एक षष्ठांश मिळाली नाहीत तर जप्त. हे झालं त्याचं. यंत्रणेचा खर्च तिजोरीतून.

निवडणूक आयोगाने २००४ मध्ये प्रस्ताव दिला होता की दोन जागांवर जिंकून एक सोडणाऱ्याकडून पोटनिवडणुकीसाठी पैसे घ्या, विधानसभेला ५ लाख आणि लोकसभेला १० लाख. वीस वर्षं झाली, पडून आहे. दोन जागा लढवायची मुभा काढा म्हणून याचिका होती ती सुप्रीम कोर्टाने २०२३ मध्ये फेटाळली, म्हणाले संसदेने ठरवायचं. माझं मत: उभं राहायला बंदी नको, मालवणींचं पटलं. पण स्वतःहून राजीनामा देऊन त्याच मुदतीत परत लढणाऱ्याची अनामत ५० लाख करा, परत न मिळणारी. आवाज बंद होईल.

मालवणी_मसाला

पैका, ५० लाख त्यांच्यासाठी चिल्लर आहे हो. ज्याला बोलावून घेतलंय त्याचे पैसे बोलावणाराच भरणार. अडकणार कोण, तर एखादा खराच तत्त्वासाठी राजीनामा देणारा, ज्याच्यामागे कोणी नाही.

कृष्णाकाठची

असा एखादा दाखवा बरं. 😄 आमच्याकडे राजीनामे खिशातच असतात, २०१४ ते १९ शिवसेनेचे मंत्री पाच वर्षं खिशात घेऊन फिरले. मराठा आरक्षणाच्या वेळीही किती जणांनी दिले, काहींनी तर मुख्यमंत्र्यांच्या हातात दिले. अध्यक्ष सोडून दुसऱ्या कोणालाही दिलेला राजीनामा हा फोटोसाठी असतो एवढं आता माझ्या सासूबाईंना पण कळतं.

सीमाभागवाला

मला एक विचारायचंय. राजीनाम्यापेक्षा त्यानंतरचं मंत्रीपद हे खरं आमिष आहे ना? मध्य प्रदेशात मार्च २०२० ला सिंधियांबरोबर २२ जणांनी राजीनामे दिले, कमलनाथ सरकार गेलं. त्यातले बरेच आमदार नसतानाच मंत्री झाले. नोव्हेंबरला २८ जागांवर पोटनिवडणूक झाली, भाजप १९, काँग्रेस ९. मंत्री असूनही इमरती देवी डबरा मतदारसंघातून पडल्या, अजून दोन मंत्री पडले. पण बाकीचे आले आणि सरकार टिकलं.

कायदेकानू

हो, अनुच्छेद १६४ मधली सहा महिन्यांची सवलत. ती मुळात बाहेरच्या माणसाला मंत्री करता यावं म्हणून आहे. मध्य प्रदेशात कोविडमुळे पोटनिवडणूक लांबली तर तुलसी सिलावट आणि गोविंदसिंह राजपूत यांचे सहा महिने संपले, ऑक्टोबरमध्ये मंत्रीपद सोडावं लागलं, निवडून आल्यावर जानेवारी २०२१ मध्ये परत शपथ.

चावडीवरचा

सीमाभागवाल्यांनी नेमकं बोट ठेवलंय. इतके प्रतिसाद वाचून माझी मागणी बदलतो. उभं राहायला बंदी नको, साताऱ्याचं आणि तेलंगणाचं ऐकल्यावर ती लोकांच्याच हक्कावर येते हे दिसतंय. पण ज्याने त्याच विधानसभेत राजीनामा दिलाय त्याला मुदत संपेपर्यंत मंत्रीपद, महामंडळ, काही नाही. परत निवडून आला तरी नाही. साधा आमदार म्हणून बस. ज्याला खरंच लोकांना विचारायचंय तो तरीही राजीनामा देईल, ज्याला लाल दिवा हवाय तो देणार नाही. आणि २०२२ सारखं न विचारता जाणाऱ्यांनाही तोच नियम, नाहीतर मालवणी म्हणतात तेच होईल.

मालवणी_मसाला

ह्या मात्र चलात. फक्त लाल दिवे २०१७ लाच गेले हो दादा, गाडीवरचे.

काटोल_नरखेड

हे सगळं ठीक हाय, पण त्यात माह्याबी एक कलम टाका. राजीनामा मंजूर झाला की सहा महिन्यात निवडणूक झालीच पाहिजे, उरलेली मुदत काहीही असो, किंवा मंग शेजारच्या आमदाराले त्या मतदारसंघाचा अधिकृत चार्ज द्या. ग्रामसेवक बदलून गेला तं दुसऱ्याले चार्ज भेटते, आमदार गेला तं कोणालेच नाही.

खडू_डस्टर

काटोलकर, सहा महिन्यांचं कराच, फक्त दहावी बारावीच्या परीक्षा सोडून तारीख लावा म्हणावं. मागच्या वेळी मतदानाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी अकराला पेपर होता, आम्ही पहाटे दोनला साहित्य जमा करून आलो आणि तसेच सुपरव्हिजनला.